मोजणी: खैरलांजी, २९ सप्टेंबर २००६

माणूस खरा की खोटा हे तराजूत घालून पाहायची सोय आपल्या जुन्या धर्मशास्त्रात आहे. तिला तुळादिव्य म्हणतात. आरोप असलेल्या माणसाला एका पारड्यात बसवायचं, दुसऱ्यात त्याच्या भाराइतके दगड किंवा माती घालायची, काटा जुळला की त्याला खाली उतरवायचं. मग मंत्र म्हणून पुन्हा बसवायचं. या खेपेला पारडं वर गेलं तर निर्दोष, खाली गेलं तर दोषी. पापाला वजन असतं अशी त्यामागची समजूत.

याज्ञवल्क्यस्मृतीत अशी पाच दिव्यं सांगितली आहेत: तुळा, अग्नी, पाणी, विष आणि कोश. कुणाला कोणतं द्यायचं हेही तिथेच ठरवून ठेवलं आहे. बाई, मूल, म्हातारा, आंधळा, पांगळा, आजारी आणि ब्राह्मण यांच्यासाठी तराजू. शूद्रासाठी विस्तव, पाणी किंवा सात जवांएवढं विष. म्हणजे मोजणी सुरू व्हायच्या आधीच अर्धा निकाल लागलेला.

मराठेशाहीत रवादिव्य चाले. उकळत्या तेला-तुपातून धातूचा रवा हाताने काढायचा, मग हाताला पिशवी बांधून तिच्यावर मोहोर करायची आणि दोन-तीन दिवसांनी पंचांसमक्ष पिशवी फोडून हात पाहायचा. मला या सगळ्यात नवल वाटतं ते त्या पिशवीचं. तेलाच्या बाबतीत देवावर भरवसा चालतो, पिशवीला मात्र मोहोर लागते.

पुढे इंग्रजांच्या काळात तराजूच्या जागी मोजपट्टी आली. १९०१च्या खानेसुमारीचा प्रमुख हर्बर्ट रिस्ले याने हिंदुस्थानातल्या लोकांची नाकं मोजली. नाकाची रुंदी गुणिले शंभर भागिले उंची, असा त्याचा नासिकांक. नाक जितकं रुंद तितकी माणसाची सामाजिक पायरी खालची, असा सिद्धांत त्याने त्यावर उभा केला. डॉ. आंबेडकरांनी १९४८ साली अस्पृश्यांवरच्या आपल्या ग्रंथात नासिकांकाचेच आकडे समोर ठेवले आणि ब्राह्मण व अस्पृश्य एकाच वंशाचे ठरतात हे दाखवून दिलं. पट्टी तीच, फक्त ती दुसऱ्याच माणसाने हातात घेतली होती.

ही विद्या संपली असं आपण धरून चालतो. भंडारा जिल्ह्यातल्या मोहाडी तालुक्यात खैरलांजी नावाचं गाव आहे. तिथे २००६ साली तेल, कढई, पट्टी यांतलं काहीच लागलं नाही. एका बाईचं चारित्र्य गावाने नुसत्या नजरेने मोजलं. त्या मोजणीचा हा घटनाक्रम.

बावन्न वर्षं आधी: मे १९५४

भंडारा लोकसभेची पोटनिवडणूक. मतदारसंघ तेव्हा दोन जागांचा, एक सर्वसाधारण आणि एक राखीव. सर्वसाधारण जागा अशोक मेहतांनी जिंकली. राखीव जागेवर डॉ. आंबेडकर उभे होते. राज्यघटनेच्या मसुदा समितीचे अध्यक्ष, देशाचे पहिले कायदामंत्री. ते काँग्रेसच्या भाऊराव बोरकरांकडून हरले. बाबासाहेब लोकसभेला पुन्हा उभे राहू शकले नाहीत. ही त्यांची शेवटची निवडणूक.

या हरण्याचा खैरलांजीशी थेट संबंध जोडण्याचा माझा इरादा नाही. पण दोन वर्षांनी, १४ ऑक्टोबर १९५६ रोजी, भंडाऱ्यापासून साठेक किलोमीटरवर नागपुरात धर्मांतर झालं आणि या जिल्ह्यातली महारवाड्यातली घरं बौद्ध झाली. ज्या कुटुंबाची ही मोजणी झाली, त्या भोतमांग्यांचं घर त्यांतलंच.

सतरा वर्षं आधी: १९८९

भैयालाल भोतमांगे बायकोमुलांसह खैरलांजीत राहायला आले. सुमारे पाच एकर जमीन. गावात दोनशेच्या आत घरं, बहुतेक कुणबी आणि कलार. बौद्धांची घरं बोटांवर मोजण्याइतकी.

पूर्व विदर्भातला हा धानाचा पट्टा. शेताच्या तुकड्याला इथे बांधी म्हणतात, कडेच्या मातीच्या उंचवट्याला धुरा. बांधीत पाणी साठवून धान रोवतात, त्यामुळे पावसाळाभर सगळं शेत चिखल असतं. त्यातून जाणारी गाडीवाट म्हणजे पांदण. एक भरली बैलगाडी जाईल एवढी तिची रुंदी, आणि ती कुणाच्या धुऱ्यावरून जाते यावर पिढ्यान् पिढ्या भांडणं. पांदणीचं भांडण नाही असं गाव या भागात शोधून सापडणार नाही. बहुतेक ठिकाणी ते तलाठ्याकडे किंवा तहसीलदाराकडे जातं, कुणीतरी चार हात सरकतं आणि मिटतं.

भोतमांग्यांच्या शेतातून गावाला रस्ता हवा होता. घटनेनंतरच्या सत्यशोधन अहवालांत नोंद आहे की काही जमीन रस्त्यात गेली आणि उभ्या पिकातून वाहनं नेण्यावरून वाद होत राहिले. भोतमांग्यांना गावात पक्कं घर बांधू दिलं गेलं नाही, हेही त्यात आहे. सतरा वर्षांनंतरही ते मातीच्या झोपडीवजा घरातच राहत होते.

पण घरातली मुलं शिकत होती. मुलगी प्रियंका सायकलवरून शाळा-कॉलेजात जायची. आणि आई, सुरेखा, अन्याय झाला की गप्प बसायची नाही, पोलिसांत तक्रार द्यायची. गावाच्या काट्यावर या दोन गोष्टी जड पडल्या असं मला वाटतं. पाच एकर जमीन गावात इतरांकडेही होती. मातीच्या घरातून सायकल काढून शिकायला जाणारी मुलगी आणि ठाण्याची पायरी चढणारी आई, एवढं मात्र एकाच घरात होतं.

सव्वीस दिवस आधी: ३ सप्टेंबर

शेजारच्या गावचे पोलीस पाटील भोतमांगे कुटुंबाच्या मदतीला उभे राहायचे. तेही बौद्ध, नात्यातले. मजुरीच्या देण्याघेण्यावरून त्यांचा एका मजुराशी खटका उडाला होता. ३ सप्टेंबरला खैरलांजीतल्या काही जणांनी त्यांना गाठून बेदम मारलं. त्यांना दवाखान्यात दाखल करावं लागलं.

ही मारहाण सुरेखा आणि प्रियंका या दोघींनी पाहिली होती. पोलिसांनी विचारलं तेव्हा कुणी मारलं ते त्यांनी नावानिशी सांगितलं.

पुढच्या सगळ्या चर्चेत हरवलं ते नेमकं इथलंच. पाहिलेलं जसंच्या तसं सांगणं हे कोणत्याही नीतिशास्त्रात, स्मृतीतल्यासुद्धा, पुण्याचं काम आहे. साक्षीदार मिळत नाही म्हणून तर दिव्यं निघाली. मिताक्षरेसारख्या टीकांत स्पष्ट म्हटलं आहे की माणसाचा पुरावा असेल तर दिव्य घ्यायचं नाही. खैरलांजीत माणसाचा पुरावा समोर होता. आई आणि मुलगी. ज्यांची नावं त्यांनी घेतली ते रोज दिसणारे, त्याच वाटेने जाणारे-येणारे गाववाले होते.

मार खाणारा दलित असूनही त्या तक्रारीत अ‍ॅट्रॉसिटी कायद्याचं कलम का लागलं नाही, असा आक्षेप पुढे कार्यकर्त्यांनी घेतला. तो कायदा १९८९चा, भोतमांगे गावात आले त्याच वर्षीचा. त्याखालचे नियम १९९५चे. साक्षीदारांच्या प्रवासखर्चापासून अत्याचारप्रवण भाग हेरून ठेवण्यापर्यंतच्या तरतुदी त्यांत आहेत. साक्षीदारांच्या संरक्षणाची देशभर लागू होणारी योजना मात्र सर्वोच्च न्यायालयाने मान्य केली ती थेट डिसेंबर २०१८मध्ये. त्याला अजून बारा वर्षं होती.

बारा तास आधी: सकाळचे सहा

२९ सप्टेंबर, शुक्रवार. नवरात्राची सातवी माळ. हलकं धान निसवलेलं, भारी धान पोटरीत. बांध्यांत पाणी टिकवायचे दिवस, गुरांना चारा भरपूर असलेले दिवस. तीन दिवसांवर दसरा. त्या वर्षी दसरा आणि गांधी जयंती एकाच दिवशी, २ ऑक्टोबरला आली होती. बौद्ध वस्त्यांमध्ये दीक्षाभूमीला जायचे बेत चाललेले. धर्मांतराला पन्नास वर्षं पूर्ण होत होती.

सात तास आधी: मोहाडीचं न्यायालय

तालुक्याच्या न्यायालयात अकराच्या सुमाराला पुकारा सुरू होतो. वऱ्हांड्यात वकील, नोटरी, स्टॅम्पपेपरवाले, जामीनदार म्हणून आणलेले नातेवाईक, सात-बाराचे उतारे. पोलीस पाटलाच्या मारहाणीतले आरोपी त्या दिवशी जामिनावर सुटले.

जामीन मिळणं गैर नाही. कलमं जामिनाची असतील तर मिळणारच, आणि तो मिळायलाही हवा. पण त्या दिवशी मोहाडीच्या न्यायालयातून जे बाहेर पडले, त्यांची नावं ज्या दोघींनी सांगितली होती त्या काही किलोमीटरवर घर-शेत सांभाळत होत्या. त्यांना कुणी सांगितलं का? घरी थांबू नका, दोन दिवस नातेवाइकांकडे जा, असं म्हणायला कुणी गेलं का? कायद्याच्या पुस्तकात तशी सक्ती नव्हती. तेवढी अक्कल लागायला पुस्तकाची गरज नसते.

दीड-दोन तास आधी: कांद्री

सुटून आलेले आणि त्यांच्यासोबतचे लोक आधी कांद्री या गावी गेले. पोलीस पाटील आणि त्यांचा भाऊ यांच्या शोधात. दोघेही हाती लागले नाहीत.

न्यायालयातल्या पुराव्यात हा टप्पा महत्त्वाचा ठरला, कारण त्यावरून हेतू दिसतो. राग कुणावर होता हे सगळ्यांना ठाऊक होतं. तो माणूस मिळाला नाही. तेव्हा जमाव साक्षीदारांच्या घराकडे वळला.

संध्याकाळचे सहा

सप्टेंबरअखेर या भागात सहाच्या सुमाराला सूर्य मावळतो. गुरं परतायची वेळ, चुली पेटायची वेळ. घरी सुरेखा होत्या, प्रियंका होती, रोशन आणि सुधीर ही दोन्ही मुलं होती. भैयालाल घराबाहेर होते.

जमाव आला. चौघांनाही ठार मारण्यात आलं. मृतदेह बैलगाडीत घालून कालव्याकडे नेण्यात आले.

याहून जास्त मी लिहिणार नाही. वर्णनं पुरेशी छापली गेली आहेत, काही खरी, काही ऐकीव, आणि ती वाचून लोकांची जिज्ञासा भागली, कळवळा फारसा वाढला नाही. बैलगाडीचा उल्लेख मात्र सोडवत नाही. ज्या पांदणीवरून सतरा वर्षं भांडण झालं, ती होती बैलगाड्यांसाठीच.

पुढचा एक तास

भैयालालनी आडोशाला राहून जे दिसलं ते पाहिलं. एकटा माणूस, समोर जमाव. ते मदतीसाठी पळाले, पोलीस पाटलाच्या गावाकडे. आंधळगावच्या पोलीस ठाण्यापर्यंत खबर गेली ती याच संध्याकाळी.

गाव मोठं नाही. एका टोकाला आरडाओरडा झाला तर दुसऱ्या टोकाला ऐकू जातो. त्या संध्याकाळी खैरलांजीत शेकडो माणसं होती आणि त्यांतली फार थोडी पुढे जाऊन काही बोलली. पण जी बोलली त्यांची आठवण ठेवायला हवी. खटल्यात प्रत्यक्षदर्शी म्हणून उभे राहिलेले काही साक्षीदार त्याच गावचे होते, आरोपींच्या शेजारी राहणारे. दोन वर्षांनी शिक्षा झाली ती त्यांच्या जबानीवर. साक्षीदारांचं काय होतं हे डोळ्यांनी पाहिल्यावर त्यांनी साक्ष दिली.

रात्र

ठाण्याला कळलं होतं. वेळेवर मदत आली नाही. पुढे याच कारणावरून पोलिसांवर निलंबनाची कारवाई झाली, म्हणजे त्या रात्रीच्या तासांचा हिशेब सरकारनेही चुकलेला मानला.

खैरलांजीत मोजमापाची हौस सगळ्यांना होती. बाई कुणाशी बोलते, मुलगी किती वाजता घरी येते, पोलीस पाटील आठवड्यातून किती वेळा येतो. खबर मिळाल्यापासून पोलीस हलेपर्यंत किती मिनिटं गेली, याची मात्र मोजणी करायची कुणाला गरज वाटली नाही.

पहिला दिवस: ३० सप्टेंबर

प्रियंकाचा मृतदेह कालव्यात सापडला. भैयालालनी फिर्याद दिली. बाकीचे तिघे त्यानंतर सापडले.

मग शवविच्छेदन. जुन्या रवादिव्यातली पिशवी जशी पंचांसमक्ष फोडायची असे, तसं आधुनिक न्यायातलं हे काम. शरीर काय सांगतं ते नीट पाहून लिहायचं. ते नीट झालं नाही. आरोप होऊ लागले, बोंब झाली, तेव्हा पुरलेले मृतदेह उकरून दुसऱ्यांदा तपासणी करावी लागली. तोवर जे कळायला हवं होतं त्यातलं बरंचसं मातीत गेलं होतं. स्त्रियांवर लैंगिक अत्याचार झाल्याचा आरोप शेवटपर्यंत होत राहिला. आरोपपत्रात बलात्काराचं कलम आलंच नाही. डॉक्टरांवरही कारवाई झाली.

तिसरा दिवस: २ ऑक्टोबर

दीक्षाभूमीवर लाखोंची गर्दी. पन्नासावा धम्मचक्र प्रवर्तन दिन. भंडाऱ्याहून ट्रक, एसट्या, रेल्वे भरून लोक गेले. त्यांच्याच जिल्ह्यात तीन दिवसांपूर्वी काय झालं हे त्यांतल्या बहुतेकांना ठाऊक नव्हतं.

पहिला महिना

सुरुवातीच्या बातम्या छोट्या होत्या, आणि त्यांत दोन शब्द होते: अनैतिक संबंध.

मराठी गुन्हेवार्तेत हा शब्दप्रयोग तयार साच्यासारखा पडलेला असतो. खून झाला, कारण कळलं नाही, बाई मध्ये आहे, की तो साचा उचलायचा. लिहिणाऱ्याला कष्ट नाहीत, वाचणाऱ्याला कोडं नाही. सुरेखाचे पोलीस पाटलाशी संबंध होते, गावाच्या नीतीला ते सहन झालं नाही, गावकरी चिडले. गावातून ऐकलेली ही गोष्ट बातमीदारांनी जशीच्या तशी पुढे ढकलली. मोजणाऱ्यानेच काढलेला आकडा छापून आला.

हा आकडा क्षणभर खरा धरून पाहू. समजा, संबंध होते. मग चार माणसं का मेली? अठरा वर्षांच्या आतबाहेरची मुलगी का मेली? दोन मुलगे कोणत्या अनीतीसाठी मेले? आणि ज्याच्याशी म्हणून संबंध, त्याच्यावर गावाचा राग होता तो मजुरीवरून की नीतीवरून? या गणितात एकही बाजू जुळत नाही. तरीही ते कित्येक आठवडे चाललं, कारण बाईचं चारित्र्य एकदा पारड्यात घातलं की दुसऱ्या पारड्यात काय आहे हे कुणी पाहत नाही. त्या दुसऱ्या पारड्यात पाच एकर जमीन होती, एक पांदण होती आणि दोन साक्षी होत्या.

ऑक्टोबरच्या अखेरीस इंग्रजी वृत्तपत्रात सविस्तर वृत्त आलं. कार्यकर्त्यांच्या सत्यशोधन समित्या गावात जाऊन आल्या होत्या, छायाचित्रं हातोहात फिरू लागली होती. मग साचा मोडला.

दुसरा महिना: नोव्हेंबर

नागपूर, अमरावती, यवतमाळ. मोर्चे, दगडफेक, लाठीमार, गोळीबार. मोर्चेकऱ्यांना कुणा पक्षाने बोलावलं नव्हतं, पुढारी मागून धावत आले. गृहमंत्री आर. आर. पाटील यांनी आंदोलनामागे नक्षलवाद्यांचा हात असू शकतो असं सूचित केलं. म्हणजे आता रडणाऱ्यांच्या नीतीची मोजणी सुरू झाली. महिनाअखेर कानपुरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली आणि ३० नोव्हेंबरला उल्हासनगरजवळ डेक्कन क्वीन पेटली. तपास तोवर सीबीआयकडे गेला होता. डिसेंबरच्या अखेरीस अकरा जणांवर आरोपपत्र दाखल झालं.

दोन वर्षांनी: सप्टेंबर २००८

भंडाऱ्याच्या न्यायालयाने १५ सप्टेंबरला निकाल दिला. अकरापैकी आठ दोषी, तिघे सुटले. २४ सप्टेंबरला शिक्षा: सहा जणांना फाशी, दोघांना जन्मठेप. विशेष सरकारी वकील उज्ज्वल निकम. न्यायालयाबाहेर घोषणा झाल्या.

पण निकाल वाचणाऱ्यांच्या लक्षात आलं की अ‍ॅट्रॉसिटी कायद्याखालचा आरोप न्यायालयाने सिद्ध मानला नव्हता. १४ जुलै २०१० रोजी उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने फाशीऐवजी पंचवीस वर्षांची सक्तमजुरी दिली आणि हत्या सुडाची होती, जातीची नव्हे, हेच कायम ठेवलं.

फाशी रद्द झाली याचं मला दुःख नाही. माझं अडतं ते दुसऱ्या वाक्यावर. सूड होता, मान्य. दोन बायकांनी साक्ष दिली याचा सूड. पण कुणब्याच्या बायकोने आणि मुलीने तीच साक्ष दिली असती तर गाव संध्याकाळी सहा वाजता जमावाने त्यांच्या दारात गेलं असतं का? कायद्याच्या भाषेत जात सिद्ध करायला शिवी लागते, ती ऐकणारा साक्षीदार लागतो, तारीख-वेळ लागते. गावात जात सिद्ध करावी लागत नाही. ती कुणाचं घर कुठे आहे, कशाचं बांधलेलं आहे आणि संकटात कुणाचं दार उघडतं यावरून लहान पोरालाही कळते.

भैयालालना भंडाऱ्यात सरकारी वसतिगृहावर नोकरी देण्यात आली. ते तिथेच राहिले. वरच्या न्यायालयातलं अपील निकाली निघण्याआधी, २० जानेवारी २०१७ रोजी, नागपुरात हृदयविकाराच्या झटक्याने ते गेले.

घटनाक्रमात राहिलेली एक तारीख: १५ ऑगस्ट २००७

खैरलांजीला वर्ष व्हायला सहा आठवडे बाकी असताना राज्य सरकारने महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू केली. कल्पना गृहमंत्री आर. आर. पाटलांची. त्यांचा हेतू चांगला होता, ग्रामस्वच्छता अभियानाने गावोगावी काय घडवलं हे त्यांनी पाहिलं होतं. गाव झाडून स्वच्छ होतं, तसं ते भांडणांतूनही स्वच्छ व्हावं.

मोहिमेची वही मी पाहिली आहे. आडव्या रेघांत दिवाणी, महसुली, फौजदारी, इतर. उभ्या रकान्यांत दाखल तंटे, मिटवलेले तंटे, शिल्लक. गावसभेत समिती, समितीला अध्यक्ष, अध्यक्षाला मान. तंटे मिटवले की गुण. सण-उत्सव शांततेत पार पाडले, दारूबंदी केली, तरी गुण. एकूण दोनशे. मग बाहेरच्या तालुक्यातलं किंवा जिल्ह्यातलं पथक येऊन गुणांची पडताळणी करायचं, आणि पास झालेल्या गावाला लोकसंख्येप्रमाणे लाखांतलं बक्षीस मिळायचं. काही गावांत यातून खरोखर भलं झालं. वर्षानुवर्षांचे धुऱ्याचे वाद चहावर मिटले. काही गावांत तक्रार ठाण्यात जाऊ नये म्हणून दुबळ्यालाच समजावलं गेलं. शिल्लक तंटे शून्य दिसले की गुण पूर्ण.

भांडण मिटलं म्हणून शिल्लक शून्य झाली, की भांडणारा उरला नाही म्हणून, हे लिहायला त्या वहीत रकाना नाही.

पुढे खैरलांजी या मोहिमेत तंटामुक्त ठरली आणि महात्मा गांधींच्या नावाचा पुरस्कार गावाला मिळाला. भोतमांग्यांचं घर तेव्हा रिकामं होतं.